पार्बताबाईचं काम करणारी

अमरावतीत शालू तायडे ज्यांना माहीत आहे त्यांना ती एकाच गोष्टीसाठी माहीत आहे. ती दुसऱ्याचं दुःख हुबेहूब बोलून दाखवते. हा ‘हुबेहूब’ शब्द तिच्याबद्दल गावातल्या पेपरांत इतक्यांदा छापून आला की तिच्या नवऱ्याने, धर्मेंद्रने, तो घरात चिडवायला ठेवला होता. भाजी खारट झाली की तो म्हणायचा, "आज हुबेहूब झाली." एस.टी.च्या वर्कशॉपात मेकॅनिक असलेल्या या माणसाला नाटकातलं ओ की ठो कळत नव्हतं. तरी शालूचं पाऊल चुकीचं पडतंय हे सगळ्यांत आधी त्याच्याच लक्षात आलं, आणि त्याचं कोणी ऐकलं नाही.

शालूचे वडील पुंजाजी जिल्हा परिषदेत शिपाई होते आणि चौदा एप्रिलच्या जलशात पेटी वाजवायचे. फ्रॉक घालायच्या वयात शालूने त्या जलशात वस्तीतल्याच एका म्हातारीची नक्कल केली. आधी बाया हसल्या, मग गप्प झाल्या, आणि शेवटी ती म्हातारी स्वतः पुढे येऊन पोरीची दृष्ट काढत स्वतःच्या कानशिलांवर बोटं मोडून गेली. त्या दिवसापासून शालूला नाटकाचा नाद लागला तो लागलाच. लग्न झालं, अंगणवाडीत सेविका म्हणून नेमणूक झाली, दोन लेकरं झाली, पण संध्याकाळी तालीम असली की तिचा जीव घरात थाऱ्यावर नसायचा.

स्पर्धेच्या नाटकांत मात्र तिच्या वाट्याला कायम मोलकरीण आली. कधी ती चहा आणायची, कधी मालकिणीच्या लफड्याची बातमी. दिग्दर्शक म्हणायचे, शालूताई, तुमच्या बोलण्याला वऱ्हाडी वास आहे, तो काही केल्या जात नाही. रंग सावळा आहे, आडनाव तायडे आहे, हे कोणी बोलत नसे. त्या सगळ्यासाठी ‘वास’ हा एकच शब्द पुरायचा. शालूलाही तो कळायचा. तिने तो गिळला आणि मोलकरणीचे चहाचे पेले अशा काही तऱ्हेने आणून ठेवले की पुढच्या ओळीतली माणसं मालकिणीऐवजी तिच्याकडेच बघत बसायची.

मग अश्विन देशमुख आला. अमरावतीचाच मुलगा, पुण्याला नाटक शिकून परत आलेला. त्याने ‘साक्ष’ नावाची मंडळी काढली. या मंडळीत नाटक लिहायचं नसे. ज्याच्यावर प्रसंग बेतला असेल त्याच्या दारात जाऊन बसायचं, तो बोलेल ते फोनवर टिपायचं, आणि तेच शब्द, तोच अडखळा, तोच ठसका घेऊन रंगमंचावर उभं राहायचं. पदरचं काही घालायचं नाही. अश्विन नटांना एका कानात ते मूळ बोलणं ऐकत ऐकत तालीम करायला लावी. पुण्यामुंबईच्या वळणाने बोलणाऱ्या नटांची तिथे बोबडी वळायची. शालूची नाही. ज्या बोलीपायी तिला जन्मभर मोलकरीण केलं त्याच बोलीला आता प्राध्यापक मंडळी ‘अस्सल’ म्हणू लागली.

‘साक्ष’चा एक रिवाज होता आणि तो खरोखर चांगला होता. पहिला प्रयोग थेटरात होत नसे. ज्याची कहाणी, त्याच्याच अंगणात व्हायचा. शेजारीपाजारी जमायचे, दिवा नाही, मेकअप नाही, आणि तो माणूस समोर बसून स्वतःला बघायचा. त्याने मान हलवली तर नाटक पुढे जायचं. नाही म्हटलं तर तिथेच संपलं. खारपाणपट्ट्यात खारं पाणी पिऊन किडन्या गेलेल्यांवरचं नाटक त्यांनी दर्यापूरकडच्या एका गावात असंच केलं होतं. नत्थुजी नावाचा म्हातारा खाटेवर पडून बघत होता. प्रयोग झाल्यावर म्हणाला, "मी एवढा रडत नाई. थोडं कमी कर." शालूने कमी केलं. तिला तेव्हा वाटलं, हेच खरं काम. इतक्या वर्षांनी कुणीतरी आपल्याला खरं सांगायला शिकवतंय.

पार्बताबाई तिच्या आयुष्यात आली ती यानंतर. अकोल्याच्या बाहेर कापसातली सरकी काढणाऱ्या एका जिनात पार्बताबाई आणि तिची पोरगी माधवी दोघी कामाला होत्या. दिवाळीनंतर जीन सुरू झाला की कापूस लोटायचा, कवडी म्हणजे किडका-पिवळा कापूस निवडायचा, संध्याकाळी नाकातोंडात रुई घेऊन घरी यायचं. एका सकाळी माधवीची ओढणी फिरत्या पट्ट्यात गेली. ओढणीबरोबर पोरगी गेली. वय ऐन एकोणिसाचं. पोलिसांनी अकस्मात मृत्यूची नोंद केली आणि त्यात लिहिलं की मयत मुलगी स्वतःच्या हयगयीने पट्ट्याजवळ गेली.

ही एक ओळ पार्बताबाईच्या काळजात रुतली. मालकाकडून मिळायचं ते मिळो न मिळो, तिचं त्यावर बोलणं नव्हतं. तिला एवढंच हवं होतं की कुठल्यातरी सरकारी कागदावर लिहिलं जावं, पोरीची चूक नव्हती. पट्ट्यावर पत्र्याचं झाकण असायला हवं होतं, ते नव्हतं. जिनातल्या बायांनी ठाण्यासमोर ठिय्या दिला तेव्हा कुठे मालक आणि मुकादम यांच्यावर गुन्हा दाखल झाला. मग नवा सीझन आला, बायांना काम हवं होतं, आणि एकेकीने हात वर केले. साक्ष द्यायला उरली एकटी पार्बताबाई.

शालू आणि अश्विन तिच्याकडे गेले तेव्हा ती तीन दुपारी बोलली. सरळ बोलणं तिला येतच नव्हतं. "त्या दिशी बकरी चारा खाये ना," इथून ती सुरू करायची. "म्या म्हनलं, माधवे, आज नको जाऊ. तर म्हने आई, खाडा पडते. आता खाड्याचं काय घिऊन बसली, पन ऐके ना. तिचा बाप गेला तवापासून तिले घरात बसनंच आवडे ना..." मग जाऊबाई यायची, रिक्षावाला यायचा, डब्यातली वांग्याची भाजी यायची, आणि पट्ट्यापाशी पोचायच्या आधीच ती पुन्हा बकरीकडे वळायची. ती पट्ट्यापासून पळत होती. शालूला ते कळलं आणि तिने पार्बताबाईचा हात धरून ठेवला.

त्याच आठवड्यात जिनातलीच गंगूबाई अंधार पडताना शालूला एका बाजूला घेऊन म्हणाली, "मुकादमानं सकायीच पत्रा काढून भितीले उभा केला. पट्टा घडीघडी घसरे, म्हनून. म्या माह्या डोयानं पाह्यलं. पन माहं नाव कुठंच नको याले बाप्पा. मले तिथंच पोट भरा लागते." शालूने शब्द दिला. गंगूबाईने तो मोडू दिला नसता, आणि शालूलाही मोडायचा नव्हता.

आता मंडळीचा नियम होता की बोललेलं गाळता येईल, पुढेमागे करता येईल, पण पदरचं घालता येणार नाही. अश्विनने बकरी गाळली, जाऊबाई गाळली, भाजी गाळली. नाटक "पट्ट्यावर पत्रा नव्हता" इथून सुरू केलं. आणि शालूने येऊन सांगितलेलं गंगूबाईचं वाक्य त्याने पार्बताबाईच्या तोंडी दिलं. शालू म्हणाली, "सर, हे मावशींनी नाही पाह्यलं. त्या मागच्या शेडमध्ये कवडी निवडत होत्या."

"शब्द तेच आहेत ना ताई? फक्त तोंड बदललं. गंगूबाईचं नाव लपवायचं म्हटल्यावर दुसरा रस्ता काय?"

रस्ता होता. वाक्य गाळायचा. पण ते वाक्य फार दमदार होतं, आणि शालूलाही ते म्हणायची आस लागली होती. नटाच्या जिभेला चांगल्या वाक्याची चटक असते, ती दुःखाच्या वाक्यालाही सोडत नाही. तालमीत ती दोन्ही हातांनी हवेत पत्रा उचलायची आणि भिंतीला टेकवायची, आणि बघणाऱ्यांना खरोखर पत्रा दिसायचा.

अंगणातल्या प्रयोगाला पार्बताबाई पदर तोंडात कोंबून बसली होती. गंगूबाईचं वाक्य आलं तेव्हा तिने मान वर केली. पण प्रयोग अडवला नाही. प्रयोग झाल्यावर ती उठली, शालूच्या तोंडावरून हात फिरवला आणि म्हणाली, "मले तर असं सांगताच आलं नसतं." नाटक पुढे गेलं.

आणि पुढे म्हणजे फारच पुढे गेलं. अमरावतीत झालं, अकोल्यात झालं, परतवाड्याच्या कॉलेजात झालं, शेंदूरजनाघाटला संत्र्याच्या मंडईमागच्या मैदानात झालं. मग नागपूर, मग पुणे. प्रयोगाच्या शेवटी अश्विन पार्बताबाईला रंगमंचावर बोलवायचा. ती हात जोडून उभी राहायची, माणसं उभी राहून टाळ्या वाजवायची आणि मग जवळ येऊन शालूला म्हणायची, "अंगावर काटा आला हो." पार्बताबाईशी काय बोलावं हे कुणाला सुचत नसे. तिच्यासोबत फोटो काढायचे आणि जायचे. शाल आणि नारळ दोघींनाही मिळायचा, पण हार शालूलाच. एका उद्योगपतीने तर प्रयोगानंतर शालूला विचारलं, "तुमची मुलगी केव्हा गेली?" आणि खरी आई बाजूला नारळ सांभाळत उभी.

केस मात्र जागची हलत नव्हती. लॉकडाउन आलं, न्यायाधीश बदलले, तारखांवर तारखा पडल्या. दरम्यान पार्बताबाई शालूसोबत एस.टी.ने गावोगाव फिरली, विंगेत बसून स्वतःला पुन्हापुन्हा ऐकत राहिली. हळूहळू तिचं बोलणं बदललं. कुणी विचारलं तर ती आता बकरीपासून सुरू करत नसे. "पट्ट्यावर पत्रा नव्हता. म्या सांगून राहिली ना, पत्रा नव्हता," असं म्हणून थांबायची, शालू थांबते तितकंच. शालूला ते बघून आनंद व्हायचा. तिला वाटायचं, बाई धीट झाली. नाटकाने एवढं तरी केलं.

अखेर साक्षीची तारीख लागली. आदल्या दिवशी शालू अकोल्याला गेली तर पार्बताबाईच्या तोंडचं पाणी पळालेलं. सरकारी वकिलांनी कोर्टाच्या व्हरांड्यात उभ्याउभ्या सांगितलं होतं, बाई, थोडक्यात सांगा, इकडचं तिकडचं नको. ती शालूला म्हणाली, "मले काईच आठवून नाई राहिलं. उद्या म्या गप उभी राहीन अन् ते लोक म्हनतीन, पाह्य, पोरगीच चुकली होती."

घाबरलेल्या माणसाचं काय करायचं हे ज्याला त्याला आपापल्या धंद्यातून सुचतं. वैद्य असता तर त्याने पुडी दिली असती. शालूला तालीम सुचली. तिने धर्मेंद्रला फोन करून सांगितलं की आज राहते इथेच, मावशींची थोडी तालीम घेते.

"खऱ्या माणसाची कायची तालीम घेतं वं?" तो म्हणाला. "ज्याचं त्याले सांगू दे. वाकडंतिकडं सांगन, पन त्याचं राहीन."

"तुमाले नाई समजत त्यातलं," शालू म्हणाली आणि फोन ठेवला.

वस्तीतल्या बुद्धविहाराच्या मोकळ्या खोलीत तिने पार्बताबाईला उभं केलं. श्वास कुठे घ्यायचा ते दाखवलं. घाई झाली की पायाचा अंगठा जमिनीला दाबायचा, म्हणजे आवाज कापत नाही, ही स्वतःची युक्ती दिली. "मावशी, तुमचंच आहे हे सगळं. मी म्हणते तसं म्हणा फक्त." पार्बताबाई म्हणू लागली. पहिल्यांदा अडखळली, मग जमलं. पत्र्याचं वाक्य आलं तेव्हा शालू थबकली. हे गाळा, असं सांगायचं तिच्या ओठांवर आलं होतं. पण पार्बताबाई त्या वाक्यावर अशी काही ताठ उभी राहिली होती, तिच्या चेहऱ्यावरची भीती अशी काही गेली होती, की शालूने विचार केला, आता मध्येच हात घातला तर सगळंच विसरेल. आणि वाक्य खोटं कुठे होतं? मुकादमाने पत्रा काढला होताच की.

कोर्टात शालू मागच्या बाकावर बसली. पार्बताबाई पिंजऱ्यात उभी राहिली. सरकारी वकिलांनी विचारलं, त्या दिवशी काय झालं ते सांगा. आणि ती बोलली. एकदाही चाचरली नाही. जिथे थांबायचं तिथे थांबली, जिथे आवाज खाली आणायचा तिथे आणला. टाइप करणारा क्षणभर हात थांबवून तिच्याकडे बघत राहिला. शालूच्या छातीत अभिमान मावेना. इतक्या वर्षांत तिने रंगमंचावरही अशी साक्ष बघितली नव्हती, आणि ही तिने घडवली होती.

मालकाचे वकील म्हातारे होते आणि अतिशय गोड बोलायचे. ते उठले आणि पार्बताबाईकडे न बघता मागच्या बाकाकडे बघू लागले. "बाई, त्या तिथे निळ्या साडीत बसल्या आहेत त्या कोण?"

पार्बताबाईचा चेहरा उजळला. "ते शालू हाये. माहंच काम करते ते."

"तुमचं काम म्हणजे?"

"नाटकात. माह्यासारखीच बोलते, एक शब्द इकडचा तिकडं नाई."

"असं होय. तुम्ही बोलत होत्या ना, तेव्हा त्यांचेही ओठ हलत होते. म्हणून विचारलं."

शालूने तोंडावर हात नेला. ओठ हलत होते हे तिला माहीतही नव्हतं. विंगेत उभी असली की ते हलतातच. नवख्या नटाला आधार म्हणून ती मुद्दाम तसं करायचीही. तो हात तोंडावर गेलेला न्यायाधीशांनी बघितला.

म्हाताऱ्या वकिलांनी आवाज जरासुद्धा चढवला नाही. "बरं बाई, मला सगळं नको. ओढणी अडकल्यावर पट्टा कोणी बंद केला, तेवढंच सांगा."

पार्बताबाईने तोंड उघडलं, मिटलं. अंगठा जमिनीला दाबला. "पट्ट्यावर पत्रा नव्हता," ती म्हणाली. "म्या सांगून राहिली ना, पत्रा नव्हता."

"ते झालं. पट्टा कोणी बंद केला?"

"पट्ट्यावर पत्रा नव्हता. म्या..."

तिला मधूनच सुरू करता येईना. पाठ केलेलं पोर कवितेच्या मधल्या ओळीवर अडतं आणि पुन्हा पहिल्या ओळीवर जातं, तशी ती प्रत्येक वेळी मागे जात होती. मागे बसलेल्यांतलं कोणीतरी हसलं. मग वकिलांनी तिचा पोलिसांपुढचा जबाब काढला. त्यात ती मागच्या शेडमध्ये कवडी निवडत होती, मधे भिंत होती, ओरडा ऐकून धावत आली, असं होतं. आणि तसंच होतं.

"मग मुकादमाने पत्रा काढलेला तुम्ही भिंतीपलीकडून बघितलात?"

"म्या पाह्यला," पार्बताबाई म्हणाली. "माह्या डोयानं पाह्यला. असा दोनी हातानं उचलला अन् भितीले टेकवला." आणि तिने तो हवेत उचलून दाखवला, हुबेहूब.

ती खोटं बोलत नव्हती. तिला खरोखर दिसत होता. शालूच्या हातात तिने तो पत्रा गावोगाव, प्रयोगामागून प्रयोग बघितला होता. वकिलांनी न्यायाधीशांची परवानगी घेऊन फोनवर नाटकाचं चित्रण दाखवलं. त्यात शालू तेच वाक्य म्हणत होती, तोच पत्रा उचलत होती. त्यांना आणखी काही विचारायचं नव्हतं. पार्बताबाई पिंजऱ्यातून मागच्या बाकाकडे बघत राहिली, पुढचा शब्द शालूने द्यावा म्हणून. शालूने मान खाली घातली.

काही महिन्यांनी निकाल लागला. मालक आणि मुकादम दोघेही निर्दोष सुटले. साक्षीदार पढवलेली आहे, तिच्यावर विसंबता येत नाही, आणि मयत मुलगी स्वतःच पट्ट्याजवळ गेली असण्याची शक्यता नाकारता येत नाही, असं सरकारी वकिलांनी पार्बताबाईला तिला समजेल अशा भाषेत सांगितलं. आधी जे एका हवालदाराने लिहिलं होतं ते आता न्यायाधीशांनी लिहिलं. पार्बताबाईने एवढंच विचारलं, "म्हंजे पोरीचीच चूक?" वकील फाइल बांधत राहिले.

शालूला कुणी बोल लावला नाही, हे तिला जास्त लागलं. अंगणवाडीत लेकरांना गाणी शिकवताना तिचे ओठ हलायचे आणि ती दचकून ते मिटायची. अश्विनला वाईट वाटलं होतं. खरंच वाटलं होतं. पण पंधरा दिवसांनी तो घरी आला तेव्हा त्याच्या डोळ्यांत ती जुनी चमक होती. "शालूताई, मला हे बोलवत नाही, पण नाटकाला आता शेवट मिळाला. साक्षच साक्षीला खाते. हे आपण दाखवलंच पाहिजे, आपली चूकसुद्धा दाखवली पाहिजे. दिल्लीहून बोलावणं आहे. तुम्ही मावशींकडे जा आणि निकालाबद्दल त्या काय म्हणतात ते टिपून आणा. ताजं आहे तोवर."

धर्मेंद्र आत चहा करत होता. त्याने पातेलं इतक्या जोरात आदळलं की अश्विन उठून गेला.

शालू अकोल्याला गेली, पण टिपायला नाही. तिने ठरवलं होतं की पाय धरायचे आणि सांगायचं, मी नाटक सोडलं. पार्बताबाई ओसरीत तूर पाखडत बसली होती. जिनात तिला आता कोणी उभं करत नव्हतं, इकडचंतिकडचं निवडटिपण करून ती दिवस काढायची. तिने शालूला पाणी दिलं, बस म्हणाली आणि पुन्हा सूप हातात घेतलं.

"मावशी, माझ्यापायी गेली केस," शालू म्हणाली. "मी ते वाक्य गाळायला सांगितलं असतं तर... मी नाटक बंद करते. आता कधीच करत नाही."

सूप थांबलं नाही. "बंद कावून करतं? कोर्टाच्या कागदावर तर पोरीचीच चूक लिवली. आता तुह्या नाटकातच तेवढी नाई तिची चूक. थे बी बंद केलं तर कुठं सांगीन कोनी? करत जाय तू."

शालूला रडू आलं. तिने मान हलवली. मग म्हणाली, "तुम्ही याल ना प्रयोगाला?"

"ना. मले नको बलाऊ." पार्बताबाईने सूप खाली ठेवलं. "पह्यले रातच्याले डोये मिटले का माधवी दिसे. ओढनी घेतलेली, डबा घेतलेला, बकरीपाशी उभी. भेव वाटे मले, पन दिसे. आता डोये मिटले का तू दिसतं, शालू. स्टेजवर. हात वर करून उभी. म्या लई वाट पायतो, पन माही पोरगी येतच नाई."